हप्त्याआड दडलेली किंमत

दसरा किंवा पाडवा जवळ आला की वर्तमानपत्रांची पाने घरांच्या जाहिरातींनी भरून जातात. नगर शहरात सावेडी-केडगावाकडे, संगमनेर-श्रीरामपुरात, एवढेच नव्हे तर शेवगाव-पाथर्डीसारख्या तालुक्याच्या गावांतही नव्या इमारतींचे फलक उभे राहतात. या जाहिरातींत घराच्या किमतीपेक्षा ठळक अक्षरांत छापलेला असतो तो मासिक हप्ता. वाचणाऱ्याची नजरही तेथेच प्रथम जाते. शिक्षक असो, जिल्हा परिषदेतील कारकून असो की कारखान्याच्या कचेरीतील लेखनिक असो, तो मनाशी दोनच प्रश्न विचारतो : कर्ज मंजूर होईल काय, आणि हप्ता पगारात बसेल काय? दोन्हींची उत्तरे होकारार्थी आली की पेढे वाटले जातात.

तिसरा एक प्रश्न मात्र बहुधा विचारलाच जात नाही. शेवटचा हप्ता फिटेल त्या दिवशी हे घर आपल्याला एकूण कितीला पडलेले असेल? ‘घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून’ असे आपले पूर्वज म्हणत. आज घर बांधावे लागत नाही; दोन-चार डझन कागदांवर सह्या कराव्या लागतात. बांधण्यातले कष्ट डोळ्यांना दिसत असत. सहीतले ओझे मात्र वीस वर्षांवर पसरलेले असल्यामुळे दिसत नाही, आणि जे दिसत नाही त्याचा हिशेब ठेवण्याची माणसाला सवय नसते.

एक साधे गणित

एखाद्या माध्यमिक शिक्षकाने ३० लाख रुपयांचे गृहकर्ज, साडेआठ टक्के व्याजाने, २० वर्षांच्या मुदतीवर घेतले असे समजू. त्याचा मासिक हप्ता सुमारे २६ हजार ३५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले म्हणजे एकूण रक्कम होते ६२ लाख ४८ हजार रुपये. म्हणजे मुद्दल ३० लाख आणि व्याज जवळजवळ साडेबत्तीस लाख. दुकानात एका वस्तूसाठी दोन वस्तूंचे पैसे मोजणारा मनुष्य शोधून सापडणार नाही. पण घराच्या बाबतीत सुशिक्षित मनुष्य ते सहज मोजतो, कारण ते एकदम मागितले जात नाहीत.

याहून महत्त्वाची गोष्ट हप्त्याच्या पोटात आहे. पहिल्या महिन्याच्या २६ हजार ३५ रुपयांपैकी २१ हजार २५० रुपये व्याजाकडे जातात आणि मुद्दलातून कमी होतात केवळ ४ हजार ७८५ रुपये. पहिल्या वर्षभरात ३ लाख १२ हजार रुपये भरूनही मुद्दल घटते ते साठ हजारांच्या आतबाहेर. पाच वर्षांनी, साडेपंधरा लाखांहून अधिक रक्कम भरून झाल्यावर, २६ लाख ४४ हजार रुपये देणे शिल्लकच असते. दहा वर्षे पूर्ण होतात तेव्हा या शिक्षकाने ३१ लाख २४ हजार रुपये भरलेले असतात. म्हणजे मूळ कर्जाहून अधिक रक्कम त्याच्या खिशातून गेलेली असते, आणि तरीही सुमारे २१ लाख रुपये फेडायचे राहतात. मुदतीचा अर्धा काळ उलटला, पण कर्जाचा एक तृतीयांश भागही उतरला नाही. मुद्दल निम्म्यावर येण्यास जवळजवळ १४ वर्षे लागतात.

यात बँकेची लबाडी नाही, हे प्रथमच स्पष्ट केले पाहिजे. जितके मुद्दल शिल्लक तितक्यावर व्याज, हा नियम न्याय्यच आहे. आरंभी मुद्दल मोठे म्हणून व्याज मोठे. हप्ता मात्र कायम ठेवलेला असल्यामुळे मुद्दलाच्या वाट्याला उरतेच थोडे. पण या नियमाचा एक परिणाम असा की, कर्जाच्या पहिल्या काही वर्षांत ऋणकोच्या हातून होणारी प्रत्येक चूक आणि प्रत्येक शहाणपण पुढील काळात कितीतरी पटींनी मोठे होते.

मुदतीचेच पाहा. हप्ता जड वाटतो म्हणून हाच शिक्षक २० ऐवजी ३० वर्षांची मुदत मागतो. हप्ता २३ हजार ६७ रुपयांवर येतो. महिन्याला तीन हजारांपेक्षा थोडे कमीच वाचतात. पण एकूण परतफेड होते ८३ लाख ४ हजार रुपये. महिन्याचे तीन हजार हलके करण्यासाठी त्याने साडेवीस लाख रुपये अधिक देण्याचे मान्य केले! उलट मुदत १५ वर्षांची केली तर हप्ता २९ हजार ५४२ रुपये होतो आणि एकूण परतफेड ५३ लाख १८ हजारांवर थांबते. दरमहा साडेतीन हजारांची ओढाताण सोसली तर ९ लाख ३० हजार रुपये वाचतात. ही ओढाताण सर्वांना परवडेल असे नाही. पण जो निर्णय घेतला जातो तो हे आकडे समोर ठेवून घेतला जातो काय, हा खरा प्रश्न आहे.

दीडशे वर्षांपूर्वीचा धडा

हप्त्याकडे पाहावे आणि हिशेबाकडे पाहू नये, याचा परिणाम काय होतो हे नगर जिल्ह्याला नव्याने सांगण्याचे कारण नाही. या जिल्ह्याने तो भोगलेला आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे बाजाराच्या दिवशी शेतकऱ्यांचा जमाव सावकारांच्या घरांवर चालून गेला आणि ही लाट पाहता पाहता तेव्हाच्या अहमदनगर, म्हणजे आजच्या अहिल्यानगर, जिल्ह्यातील पारनेर, श्रीगोंदा, नगर व कर्जत या तालुक्यांत पोहोचली. इतिहासात या घटनांना ‘दख्खनचे दंगे’ असे नाव पडले. या दंग्यांची विलक्षण गोष्ट अशी की, जमावाला मुख्यत: हवे होते ते सावकारांच्या पेट्यांतील कागद : कर्जरोखे, गहाणखते आणि कोर्टाचे हुकूमनामे. जेथे सावकाराने ते निमूटपणे स्वाधीन केले तेथे फारसा दंगा झाला नाही. कागद जाळून लोक परतले.

कागदावर एवढा राग का होता? अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, १८६१ ते १८६५ या वर्षांत, येथील कापसाला भाव आला आणि शेतकऱ्याची पत वाढली. युद्ध संपले, भाव कोसळले, काही तालुक्यांत सारा वाढला, आणि कर्ज तसेच उरले. परंतु रागाचे मूळ याहूनही खोल होते. १८५९ साली सरकारने मुदतीचा कायदा केला. जुनाट कर्जाची उकरून वसुली होऊ नये म्हणून साध्या रोख्याला तीन वर्षांची मुदत घातली. हेतू ऋणकोच्या संरक्षणाचा होता. प्रत्यक्षात काय झाले? तीन वर्षे भरत आली की सावकार नवे खत लिहून मागे, आणि त्या नव्या खतात थकलेले व्याज मुद्दल म्हणून मांडले जाई. आणखी तीन वर्षांनी त्या फुगलेल्या मुद्दलावरील व्याज पुन्हा मुद्दल होई. शेतकरी अंगठा उठवी. मूळ किती घेतले, किती फेडले, किती उरले, याचा हिशेब फक्त एकाच वहीत असे आणि ती वही त्याची नसे.

आपल्याकडे ‘दामदुप्पट’ हा जुना धर्मशास्त्रीय नियम होता. एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असू नये, असे त्याचे सूत्र. खत फिरवले की थकलेले व्याजच मुद्दल बनत असल्यामुळे हा बांध सहज ओलांडला जाई. आजचे गृहकर्ज या नियमाच्या अक्षरात बसत नाही, कारण येथे व्याज थकत नाही. ते दरमहा फेडले जाते. पण मुद्दलाच्या बरोबरीने व्याज झाले म्हणजे पुरे झाले, अशी जी मर्यादा त्या नियमामागील समाजाला वाटत होती ती वर दिलेल्या साध्या, थकबाकी नसलेल्या कर्जातही ओलांडली जाते, हे नमूद केल्याशिवाय राहवत नाही.

दंग्यांच्या चौकशीसाठी आयोग नेमला गेला आणि १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी ‘डेक्कन अॅग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ अॅक्ट’ हा कायदा झाला. त्यातील तरतुदी आजच्या पगारदारानेही वाचण्यासारख्या आहेत. न्यायाधीशाने केवळ रोख्यावरील आकडा प्रमाण न मानता व्यवहाराच्या आरंभापासूनचा हिशेब तपासावा. मुद्दल आणि व्याज यांची खाती वेगळी मांडावीत. शेतकऱ्याचा दस्त ग्रामनिबंधकापुढे व्हावा. आणि ऋणकोला पावती, वार्षिक हिशेब व पासबुक मिळण्याचा हक्क असावा. म्हणजे त्या कायद्याने ओळखलेले दुखणे व्याजाच्या दराइतकेच हिशेबाच्या अंधाराचेही होते. कायद्याला वळसा घालणारे निघालेच. गहाणखताऐवजी सरळ खरेदीखत लिहून घेण्याची आणि परत देण्याचे वचन तोंडी ठेवण्याची पद्धत वाढली. ज्याला आपला हिशेब स्वत: समजत नाही त्याचे रक्षण एकटा कायदा करू शकत नाही, हा त्यातून मिळणारा दुसरा धडा.

खत फिरवण्याची नवी तऱ्हा

आजचा ऋणको साक्षर आहे. अंगठा उठवीत नाही. बँक परवानाधारक आहे आणि तिच्यावर रिझर्व्ह बँकेची देखरेख आहे. सावकारीशी तिची बरोबरी करणे अन्यायाचे होईल. पण खत फिरवण्याचा प्रकार नव्या रूपात चालू आहे आणि त्यात सक्ती नसून ऋणकोचा आनंद असतो, एवढाच फरक.

वरील शिक्षकाकडे पाच वर्षांनी दुसऱ्या बँकेचा प्रतिनिधी येतो. “गुरुजी, तुम्ही साडेआठ टक्के भरता, आम्ही आठ टक्क्यांनी देतो. हप्ताही चार हजारांनी उतरेल.” दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. उरलेले २६ लाख ४४ हजारांचे कर्ज आठ टक्क्यांनी पुन्हा २० वर्षांवर बांधले तर हप्ता २२ हजार ११४ रुपये होतो. पण जुन्या कर्जाचे १८० हप्ते उरले होते, नव्याचे २४० आहेत. जुने कर्ज तसेच फेडले असते तर पुढे ४६ लाख ८६ हजार रुपये जाणार होते. आता ५३ लाख ७ हजार जातील. दर उतरला, हप्ता उतरला आणि घर सव्वासहा लाखांनी महागले! हेच कर्ज आठ टक्क्यांनी पण उरलेल्या १५ वर्षांवरच बांधून घेतले असते तर हप्ता २५ हजार २६६ रुपये झाला असता आणि १ लाख ३८ हजार रुपये खरोखर वाचले असते. (कर्ज हलविण्याचा खर्च त्यातून वजा करावा लागेल, हे ओघानेच आले.) दराकडे पाहिले आणि मुदतीकडे पाहिले नाही, की असे होते.

दुसरी तऱ्हा अधिक मुकाट आहे. बहुतेक गृहकर्जांचा व्याजदर बदलता असतो. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाह्य निकषाशी जोडली गेली. मे २०२२ च्या आरंभी रेपो दर ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा टक्के झाला. त्याआधी पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्जे मिळत होती. समजा, कोणी ३० लाख रुपये ६.७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले. हप्ता झाला सुमारे २२ हजार ७२२. वर्षाने दर ९.२ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला. तेव्हा शिल्लक मुद्दलावरील महिन्याचे व्याजच होते २२ हजार ४३३ रुपये. मुद्दलाकडे उरले महिन्याला जेमतेम २८९. या गतीने कर्ज फिटण्यास ५७० हून अधिक हप्ते, म्हणजे ४७ वर्षे लागतील! इतकी मुदत कोणतीही बँक देत नाही, हे खरे. पण त्या काळात अनेकांचा हप्ता तोच राहिला आणि मुदत वाढत गेली. ‘आमचा हप्ता काही वाढला नाही’ अशा समाधानात लोक राहिले. वाढलेल्या मुदतीचा शेवट निवृत्तीच्या पलीकडे गेला आहे, हे कित्येकांच्या लक्षात फार उशिरा आले. राज्य शासनाच्या सेवेत १ नोव्हेंबर २००५ नंतर आलेल्या बहुतेकांना जुनी निवृत्तिवेतन योजना लागू नाही. अठ्ठावन्नाव्या वर्षानंतरचा हप्ता त्यांनी कशातून भरावयाचा?

तिसरी तऱ्हा बारीकसारीक खर्चांची. प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन आणि विम्याचा एकरकमी हप्ता. विमा हवाच, घरातील कर्ता माणूस गेला तर कुटुंबावर घरही जाण्याची पाळी येऊ नये. परंतु ४० हजारांचा विम्याचा हप्ता ‘कर्जातच मिळवून टाकू’ असे म्हटले की, साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत तो ८३ हजारांना पडतो. जे रोख भरता येते ते कर्जात घालू नये, हा नियम लहान आहे पण पाळण्यासारखा आहे.

आणि आपल्या जिल्ह्यात तरी ‘सरळ व्याजा’ची गोष्ट सांगितलीच पाहिजे. १० लाख रुपये १० वर्षांसाठी १० टक्के सरळ व्याजाने, म्हणजे शिल्लक कितीही घटली तरी व्याज मूळ रकमेवरच, असा व्यवहार ऐकायला स्वस्त वाटतो. हप्ता १६ हजार ६६७ रुपये. प्रत्यक्षात घटत्या शिल्लकेवर हाच दर पावणेसोळा टक्क्यांहून अधिक पडतो. दर विचारताना ‘घटत्या शिल्लकेवर की मूळ रकमेवर?’ हे दोन शब्द अधिक विचारले नाहीत तर सारी तुलना व्यर्थ.

दुसरी बाजू

एवढे वाचून कोणी म्हणेल, मग काय पगारदाराने घर घेऊच नये? तसे मुळीच नाही. कर्ज नसते तर आज स्वत:च्या छपराखाली राहणारी असंख्य कुटुंबे अजून भाड्याच्या खोल्यांतून फिरत असती. एके काळी निवृत्तीच्या वेळी भविष्यनिर्वाह निधी हाती आला की मगच पाया खणला जाई, आणि मुले मोठी होऊन पांगल्यावर घर पुरे होई. १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी एचडीएफसी स्थापन केली तेव्हापासून मध्यमवर्गीयाला ऐन उमेदीत घर घेण्याची वाट हळूहळू मोकळी झाली. हे उपकार विसरता येणार नाहीत. खुद्द आपल्या जिल्ह्यात सावकारी पाशाला उत्तर म्हणून सहकार उभा राहिला; विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी १९५० साली प्रवरेकाठी उभारलेला साखर कारखाना हे त्याचे देशाला ठाऊक असलेले फळ. योग्य दराने आणि योग्य हिशेबाने मिळणारे कर्ज माणसाला उभे करते, हे नगरकरांना पटवून देण्याची गरज नाही.

शिवाय वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा वजनदार राहत नाही, हेही ध्यानात घेतले पाहिजे. महागाई वर्षाला पाच टक्क्यांनी वाढत राहिली तर विसाव्या वर्षीच्या २६ हजारांच्या हप्त्याची किंमत आजच्या ९ हजार ८०० रुपयांइतकीच उरते. ज्याचा पगार महागाई भत्त्यासह वाढत जातो त्याला हप्ता दर वर्षी थोडा हलका होतो; आणि घरभाडेही वाचते. म्हणून ६२ लाखांच्या आकड्याने घाबरून जाण्याचे कारण नाही. मात्र हा दिलासा ज्याचा पगार वाढतो त्यालाच. विनाअनुदानित शाळेतील शिक्षक, कंत्राटी लिपिक किंवा खासगी नोकरीतील तरुण यांनी तो गृहीत धरू नये. ‘घराचा भाव वाढेलच’ हेही असेच एक गृहीत. राहते घर विकून नफा खाता येत नाही. डोक्यावर दुसरे छप्पर शोधावे लागते, आणि त्याचाही भाव तेवढाच वाढलेला असतो.

प्राप्तिकराच्या सवलतीबद्दल तर फारच गैरसमज आहेत. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या कर्जाचे वर्षाला दोन लाख रुपयांपर्यंतचे व्याज उत्पन्नातून वजा मिळते. नव्या करपद्धतीत राहत्या घरासाठी ती सवलत नाही. आणि मिळते तेथेही वीस किंवा तीस पैशांचा कर वाचविण्यासाठी एक रुपया व्याज भरणे हा काही फायद्याचा धंदा नव्हे. ‘कर वाचतो, म्हणून कर्ज राहू द्या’ हा सल्ला देणाऱ्याने स्वत:ची बेरीज-वजाबाकी एकदा तपासून घ्यावी.

हिशेब मागण्याचा हक्क

१८७९ च्या कायद्याने शेतकऱ्याला पासबुकाचा हक्क दिला. आजच्या ऋणकोलाही त्याच जातीचे काही हक्क मिळालेले आहेत. दुर्दैव एवढेच की, ते फारच थोड्यांना ठाऊक आहेत. रिझर्व्ह बँकेने एप्रिल २०२४ मध्ये आदेश काढला आणि १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांना तो लागू झाला. त्याप्रमाणे प्रत्येक कर्जदाराला करारापूर्वी मुख्य तथ्यांचे विवरणपत्र द्यावे लागते. त्यात सर्व शुल्के धरून पडणारा वार्षिक दर असतो, आणि कोणत्या हप्त्यात मुद्दल किती व व्याज किती याचा संपूर्ण तक्ता असतो. हे विवरण कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे, ते त्याला समजावून सांगावे आणि विचार करण्यास किमान तीन कामाचे दिवस मिळावेत, असेही बंधन आहे. म्हणजे मराठीत विवरण मागणे ही याचना नव्हे, हक्क आहे.

ऑगस्ट २०२३ च्या आदेशाने दर बदलेल तेव्हा हप्ता वाढवावा की मुदत, की दोन्ही थोडे थोडे, याची निवड कर्जदाराला द्यावी लागते. स्थिर दराकडे वळण्याचा पर्यायही २०२५ पर्यंत ठेवावा लागत असे. आणि मुदत वाढवताना हप्ता व्याजालाही पुरत नाही अशी स्थिती येऊ देता कामा नये. बदलत्या दराचे गृहकर्ज मुदतीपूर्वी फेडल्यास व्यक्तीकडून दंड घेण्यास २०१२ पासूनच बँकांना मनाई आहे. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत दिली नाहीत तर विलंबाच्या प्रत्येक दिवसाला ५ हजार रुपये भरपाई द्यावी, असा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. मात्र हेही विसरू नये की, हप्ते थकून ९० दिवस उलटले आणि खाते अनुत्पादक ठरले, की २००२ च्या कायद्याने बँक ६० दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दावा न लावताही, घराचा ताबा घेऊ शकते. हक्क आहेत, पण गहाण हे शेवटी गहाणच आहे.

येथे नगर जिल्ह्यातील वाचकांना एक गोष्ट आवर्जून सांगावयाची. सहकारी बँका रिझर्व्ह बँकेच्या कक्षेत येतात. गावोगावच्या पतसंस्था आणि सेवकांच्या सोसायट्या येत नाहीत, त्यांच्यावर सहकार खात्याची देखरेख असते. म्हणून वरील विवरणपत्राचे बंधन त्यांना आपोआप लागू होत नाही. परंतु या संस्थांचे मालक सभासदच आहेत. वार्षिक सभेत लाभांश आणि भेटवस्तू यांवर तासन्‌तास चर्चा होते. त्यातील दहा मिनिटे ‘प्रत्येक कर्जदाराला मुद्दल-व्याजाचा तक्ता मराठीत मिळालाच पाहिजे’ या ठरावासाठी देता येणार नाहीत काय? त्यासाठी कोणाच्या आदेशाची वाट पाहण्याची गरज नाही.

वर्गातले गणित, घरातले गणित

ज्याने कर्ज घेतलेच आहे त्याच्याही हाती बरेच काही आहे. वरील ३० लाखांच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये एकरकमी मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे १८ हप्ते, म्हणजे सुमारे ४ लाख ७० हजार रुपये, भरावे लागत नाहीत. वेतन आयोगाच्या फरकाची रक्कम हाती आली की नवे वाहन घ्यावे की मुद्दल फेडावे, हा प्रश्न या आकड्यानिशी विचारला तर त्याचे उत्तर फारसे कठीण नाही. २०२५ साली दर उतरले तेव्हा ज्यांनी हप्ता कमी करून घेण्याऐवजी मुदत कमी करून घेतली त्यांनी शहाणपण केले. तथापि, गाठीशी सहा महिन्यांचा खर्च न ठेवता सारी पुंजी कर्जात ओतणेही तितकेच अविचाराचे. आजारपण काही विचारून येत नाही, आणि मग जे व्यक्तिगत कर्ज काढावे लागते त्याचा दर गृहकर्जाहून कितीतरी जास्त असतो.

आपल्या शाळांत आठवीच्या वर्गात चक्रवाढ व्याज शिकवले जाते. फळ्यावर सूत्र मांडले जाते, उदाहरणे सोडवली जातात, गुण दिले जातात. ते शिकवणारे शिक्षक आणि ते शिकून कारकून झालेले त्यांचे विद्यार्थी स्वत:च्या आयुष्यातील सर्वांत मोठ्या व्याजाच्या उदाहरणावर मात्र न सोडवताच सही करतात. हा विरोधाभास दूर करण्यास कायदा नको, पैसा नको. एक कागद, एक पेन्सिल आणि एक संध्याकाळ पुरे आहे. वर्गात एखाद्या दिवशी पुस्तकातल्या उदाहरणाऐवजी घराच्या हप्त्याचा तक्ता मुलांकडून करून घेतला, तर त्यांतील कित्येक मुले तो घरी नेऊन आईवडिलांना दाखवतील, आणि कित्येक घरांत त्या रात्री प्रथमच तो तिसरा प्रश्न विचारला जाईल.

१८७५ मध्ये पारनेर-श्रीगोंद्याच्या शेतकऱ्यांनी कागद जाळले, कारण ते त्यांना वाचता येत नव्हते आणि कोणी वाचूनही दाखवीत नव्हते. त्यांच्या पणतवंडांना कागद वाचता येतात, आणि आता ते वाचून दाखवण्याचे बंधनही घातले गेले आहे. एवढे असून आपण ते न वाचताच सही करणार असू, तर दोष सावकाराला, बँकेला किंवा सरकारला देण्याचा अधिकार आपल्याला किती उरतो, याचा विचार प्रत्येकाने पुढच्या मुहूर्तापूर्वी करावा.